नायकाचा दोष कसा वाचावा: 'ययाति' आणि 'फकिरा' शेजारी ठेवून

सांगलीतल्या आमच्या वाचनगटात नव्यानं येणाऱ्यांचा एक प्रश्न ठरलेला असतो: एवढं वाईट वागणारा माणूस कादंबरीचा नायक कसा काय? 'ययाति' वाचून झाली की हा प्रश्न हमखास येतो. मग कोणीतरी म्हणतं, "लेखकाला त्या काळच्या समाजाचं दर्शन घडवायचं होतं." सगळे माना डोलावतात आणि विषय तिथंच मिटतो. उत्तरपत्रिकांमध्येही हेच वाक्य सापडतं. ते खोटं नाही, पण त्यातून हाती काही लागत नाही. समाज दिसतो म्हणजे नेमका कोणत्या पानावर दिसतो? कोणाच्या वागण्यात दिसतो? हे शोधता येतं, आणि त्यासाठी समीक्षेची जाडजूड पुस्तकं वाचलेली असावी लागत नाहीत. बी.ए.ला नुकतंच मराठी घेतलेले विद्यार्थी, निवृत्तीनंतर वाचायला लागलेली मंडळी, एखाद्या कादंबरीवर पहिल्यांदाच चार पानं लिहू बघणारे, अशा सगळ्यांसाठी ती रीत इथं सांगते.

तिच्यामागचा विचार आधीच सांगून टाकते. नायकाचा दोष कधी त्याच्या एकट्याचा नसतो. तो चालवून घेणारे कोणी असतात, त्यावर पांघरूण घालणारे असतात, त्याचा फायदा उठवणारे असतात आणि त्याची किंमत मोजणारे असतात. नायकाचा काळ या माणसांमध्ये शोधायचा. नुसता नायकाचा स्वभाव उकलत बसलात तर त्याच्या स्वभावापलीकडं काही मिळणार नाही.

पुस्तकं कोणती घ्यायची

दोन घ्या. एक वि. स. खांडेकरांची 'ययाति', दुसरी अण्णा भाऊ साठे यांची 'फकिरा'. खांडेकरांचा जन्म सांगलीचा, १८९८ चा. अण्णा भाऊ वाळवा तालुक्यातल्या वाटेगावचे, जन्म १९२० चा. दोन्ही कादंबऱ्या १९५९ मध्ये आल्या. आजच्या एकाच सांगली जिल्ह्यात जन्मलेल्या दोन लेखकांनी एकाच वर्षी मराठी वाचकाला दोन नायक दिले. एकाकडे हस्तिनापूरचं राज्य आहे आणि तरी त्याची भूक भागत नाही. दुसऱ्याच्या माणसांना संध्याकाळच्या भाकरीचा भरवसा नाही आणि तो धान्य लुटतो. पहिल्याच्या वागण्याला लोक भोगलालसा म्हणतात, दुसऱ्याच्या वागण्याला कायदा दरोडा म्हणतो. दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवली की हा फरक असा डोळ्यात भरतो, की शिकायला याहून चांगली जोडी मला तरी माहीत नाही. दोन्ही कोणत्याही बऱ्या सार्वजनिक वाचनालयात मिळतात. 'फकिरा' लहान आहे, ती आधी वाचा.

पहिलं काम: दोन सनावळ्या लिहा

वहीच्या पहिल्या पानावर दोन काळ लिहायचे. कथा कोणत्या काळात घडते आणि ती लिहिली कोणत्या काळात गेली. नवा वाचक बहुतेक वेळा यातला पहिलाच काळ बघतो. "ययाति महाभारतातला, म्हणजे कादंबरीत महाभारतकालीन समाज दिसतो" असं लिहून मोकळा होतो. खरं तर दुसऱ्या काळाकडं जास्त लक्ष द्यायला हवं, कारण लेखक जगत असतो त्या काळात आणि त्याचा वाचकही तिथलाच असतो.

याचं उत्तम उदाहरण सांगलीच्याच कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या 'भाऊबंदकी' या नाटकात आहे. कथा १७७३ ची: नारायणराव पेशव्यांचा शनिवारवाड्यात गारद्यांकडून झालेला खून, राघोबादादांची सत्तेची हाव, आणि पेशव्याच्या तोंडावर देहान्त प्रायश्चित्त सांगणारे रामशास्त्री. हे रामशास्त्री प्रभुणे साताऱ्याजवळच्या माहुलीचे. नाटक मात्र १९०९ चं आहे. सुरतेच्या अधिवेशनात काँग्रेस फुटली ती १९०७ मध्ये. टिळकांना मंडालेला पाठवलं १९०८ मध्ये. खाडिलकर टिळकांचे सहकारी, 'केसरी'त काम केलेले. त्यांच्या 'कीचकवधा'वर १९१० मध्ये सरकारनं बंदी घातली, कारण कीचकाच्या जागी प्रेक्षकांना इंग्रज व्हाइसरॉय राहिलेला कर्झन दिसत होता. आता राघोबाकडं पुन्हा बघा. तो शूर आहे, त्याच्याकडं पराक्रमाचा वारसा आहे, पण घरातल्या सत्तेपुढं त्याला दुसरं काही दिसत नाही. पुढं १७७५ मध्ये हाच माणूस इंग्रजांशी तह करून त्यांचं सैन्य मदतीला मागतो, हे थिएटरातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. १९०९ च्या प्रेक्षकाला राघोबाच्या चुकीत आपसात भांडून परक्याला घरात घेणारा स्वतःचाच समाज दिसला नसेल, असं मला वाटत नाही. दोन सनावळ्या शेजारी लिहिल्या नाहीत तर हे सगळं निसटतं आणि हातात उरते ती फक्त एक ऐतिहासिक गोष्ट.

दुसरं काम: दोष क्रियापदात लिहा

ययाति कसा होता, असं विचारलं की नवी मंडळी विशेषणं देतात. भोगी, विलासी, दुर्बल, आत्मकेंद्री. विशेषणं पुसून टाका आणि तो काय *करतो* ते लिहा. मरणाच्या दारात असलेला बाप आणखी थोडं जगायला मिळावं म्हणून तळमळताना तो बघतो, आणि त्या भीतीतून मुकुलिका या दासीच्या सहवासात आसरा शोधतो. शर्मिष्ठेवर प्रेम करतो पण ते उघड मान्य करत नाही. राज्यावर शत्रू चालून येतो तेव्हाही तो मद्य आणि स्त्रिया सोडून उठत नाही. शुक्राचार्यांच्या शापानं म्हातारपण येतं तेव्हा पोटच्या मुलाकडं त्याचं तारुण्य मागतो.

असं लिहिलं की प्रत्येक वाक्यात दुसरं माणूस आपोआप येतं. बाप, दासी, शर्मिष्ठा, प्रजा, मुलगा. विशेषणात नायक एकटा असतो, क्रियापदात तो कोणाशी तरी काहीतरी करतो. प्रत्येक कृतीपुढं पान क्रमांक टाका. चार-पाच कृती पुरतात.

तिसरं काम: चार रकाने

खरी मेहनत इथं आहे, तेव्हा इथं घाई करू नका. वहीचं आडवं पान घ्या आणि चार रकाने आखा: कोणी चालवून घेतलं, कोणी झाकलं, कोणाचा फायदा झाला, किंमत कोणी मोजली. वर लिहिलेली एकेक कृती घ्यायची आणि रकाने भरायचे.

'ययाति'मध्ये चौथ्या रकान्यापासून सुरुवात करा, तो सर्वांत लवकर भरतो. अलका ही दासीची मुलगी, राजपुत्राबरोबर वाढलेली. त्यांच्या जवळिकीची शिक्षा कोणाला होते? राजपुत्राला नाही. राजमातेच्या रोषाला अलका बळी पडते. मुकुलिका दासी. शर्मिष्ठा जन्मानं राजकन्या, पण पुढं ययातीची राणी झालेल्या देवयानीशी भांडण झाल्यापायी तिची दासी होऊन आलेली, आणि राजाच्या मुलाची आई झाल्यावर जीव वाचवण्यासाठी तिला पळून जावं लागतं. पुरू तिचा मुलगा, म्हाताऱ्या बापाचं म्हातारपण तोच घेतो. चौघांची नावं एकाखाली एक लिहा. किंमत मोजणारी माणसं दासी, दासीची मुलगी, दासी झालेली स्त्री आणि तिच्या पोटचा मुलगा. राणीचा मुलगा यदू या रकान्यात याच कारणानं येत नाही. कादंबरी मोठ्यानं काही सांगत नाही, पण रकाना सांगतो की भोगाचं बिल राजवाड्यात नेहमी खालच्या पायरीवर पोचतं.

आता पहिला रकाना. राजा असा वागत असताना त्याला कोण अडवतं? कच बोलतो, पण तो बाहेरचा माणूस, तपस्वी. राजवाड्याच्या आत, दरबारात, नात्यागोत्यात अडवायची ताकद कोणात आहे आणि कोण मूग गिळून बसतं, ते तुम्ही स्वतः शोधा. इथं मी उत्तर देत नाही, कारण हा शोध दुसऱ्याच्या वहीतून उतरवून घेतला तर पद्धत शिकल्यासारखं होत नाही.

पांघरूण घालण्याच्या रकान्यात राजमाता येईल. थोरला मुलगा यती घर सोडून गेला, धाकट्याचं तसं होऊ नये म्हणून ती जे जे करते ते आईच्या मायेनंच करते. म्हणून हा रकाना भरताना माणूस वाईट आहे की चांगला हे बघायचं नाही, त्याच्या करण्यानं काय झाकलं गेलं एवढंच बघायचं. झाकणारे बहुधा जवळचेच असतात.

मूळ गोष्ट आणि नवी गोष्ट ताडून बघा

नायक पुराणातला किंवा इतिहासातला असेल तर ही पायरी चुकवू नका. महाभारताच्या आदिपर्वात ययातीला पाच मुलं आहेत. देवयानीची यदू आणि तुर्वसू, शर्मिष्ठेची द्रुह्यू, अनू आणि पुरू. पुरूचं तारुण्य घेऊन ययाति हजार वर्षं उपभोग घेतो आणि मग त्याला कळतं की उपभोगानं वासना शमत नाही. खांडेकरांच्या ययातीला ही हजार वर्षं मिळत नाहीत. पुरूनं म्हातारपण घेतल्यावर थोड्याच वेळात आपण काय केलं ते त्याच्या अंगावर येतं.

हा बदल का केला असावा? माझं मत असं. हजार वर्षं भोगून शहाणा झालेला राजा ही तृप्त माणसाची गोष्ट आहे, आधी सगळं मिळालं आणि मग विरक्ती आली. १९५९ च्या वाचकासमोर ही गोष्ट चालली नसती. स्वातंत्र्य मिळून बारा वर्षं झाली होती. त्यागाच्या गोष्टी ऐकत, प्रत्यक्ष बघत वाढलेली पिढी आता संसाराला लागली होती. खांडेकर स्वतः ध्येयवादी लेखक. त्यांना आपल्या भोवतीच्या समाजात सुखाची ओढ वाढताना आणि मूल्यं मागं पडताना दिसत होती, आणि ययाति हा आजच्या सामान्य माणसाचा प्रतिनिधी आहे अशी त्यांची भूमिका होती. म्हणून त्यांचा ययाति तृप्त होऊन शहाणा होत नाही. पुढच्या पिढीच्या वाट्याचं आपण ओरबाडलं, हे त्याला पुरूच्या सुरकुतलेल्या चेहऱ्यात समोर दिसतं.

खांडेकरांविषयी मला मनापासून आदर आहे. 'ययाति'ला १९६० मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, १९७४ चं ज्ञानपीठ त्यांच्या रूपानं मराठीत पहिल्यांदा आलं, याचा सांगलीकर म्हणून अभिमानही आहे. पण त्यांच्या त्या म्हणण्याशी मी पूर्ण सहमत नाही. १९५९ च्या सामान्य माणसाला ययाति होण्याची सोय कुठं होती? तो महिनाअखेरीची ओढाताण करत होता. ययाति होण्याची ऐपत नव्यानं वर आलेल्या, सत्तेजवळच्या, बागायतीतल्या, व्यापारातल्या थोड्या घरांत होती. समाज म्हणजे सगळा समाज असं धरून चाललं की अशी गल्लत होते. वहीत 'समाज' हा शब्द लिहायची वेळ आली की थांबा आणि त्याऐवजी नेमके कोण ते लिहा.

दोष ठरवणारा कोण

इथं 'फकिरा' हातात घ्या. ययातीचा दोष त्याला स्वतःला टोचतो. फकिराच्या बाबतीत आधी हे ठरवावं लागतं, की दोष कोणाच्या नजरेतून आहे. ब्रिटिशांच्या १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं अख्ख्या जमातीला जन्मानंच गुन्हेगार ठरवण्याची सोय केली. तो रद्द झाला १९५२ मध्ये, म्हणजे कादंबरी यायच्या फक्त सात वर्षं आधी. सनावळ्यांच्या पानावर हे लिहून ठेवा.

कादंबरीत मांगवाड्यावर हजेरी लादली जाते, दिवसातून तीनदा. आमच्या गटात एक निवृत्त हवालदार येतात. बाकीचे सगळे लुटीच्या थरारक प्रसंगांवर बोलत होते. त्यांनी हजेरीच्या पानावर बोट ठेवून विचारलं, "तीनदा हजेरी म्हणजे माणूस कामाला जाणार कधी?" खरंच बघा. सकाळी चावडीवर या, दुपारी या, रात्री या. मधल्या वेळात परगावी मजुरीला जाता येत नाही, बाजार गाठता येत नाही, पाहुण्याच्या मयतीलाही जाता येत नाही. चोरी करू नये म्हणून लावलेली हजेरी चोरीशिवाय जगण्याच्या वाटाच बंद करते. त्यात दुष्काळ. आणि मग फकिरा धान्य लुटतो, उपाशी माणसांत वाटतो, पुढं सरकारी खजिन्यावर हात टाकतो.

चार रकाने इथंही भरा. पहिल्या रकान्यात गंमत बघा. चालवून घेणाऱ्यांत विष्णुपंत कुलकर्णी येतात, गावचे जाणते, ज्यांना या माणसांनी जगावं असं वाटतं. 'ययाति'त दोष चालवून घेणं म्हणजे अन्यायाला साथ होती, इथं तीच गोष्ट माणुसकी ठरते. तोच रकाना, तसेच शब्द, पण अर्थ उलटा. गावही एकसंध नाही हेही दिसतं: कोणी हजेरी लावतो, कोणी भाकरीचा विचार करतो. किंमतीच्या रकान्यात शेवटी फकिराचं स्वतःचं नाव येतं. सरकार त्याच्या माणसांना धरून ठेवतं आणि त्यांच्यासाठी तो स्वतःहून हजर होतो. ययाति स्वतःसाठी मुलाचं आयुष्य मागतो आणि फकिरा आपल्या लोकांसाठी स्वतःचं देतो.

एक आक्षेप हमखास येतो: फकिरात दोष आहेच कुठं, अण्णा भाऊंनी त्याला फारच उजळ रंगवलाय. आक्षेप बरोबर आहे. फकिरा रागीट आहे, सूड घेतो, पण त्यापलीकडं त्याच्यात काळं फारसं नाही. मला ते समजतं. ज्यांच्या माथी जन्मतःच गुन्हेगार असा शिक्का मारला गेला, त्यांच्यातलाच लेखक आपल्या नायकाला आणखी एक दोष कशाला देईल? नायक निर्दोष का रंगवावा लागला, हाही त्या काळाचाच पुरावा आहे. कादंबरी बाबासाहेबांच्या झुंजार लेखणीला अर्पण केलेली आहे, ते पानही वाचायला विसरू नका.

खापर कोणावर फुटतं

ही छोटी पायरी, पण जुन्या नाटकांच्या बाबतीत फार उपयोगाची. नायकाचा दोष लेखकानं दुसऱ्याच्या, बहुतेक वेळा बाईच्या, गळ्यात घातलाय का ते तपासा. 'भाऊबंदकी'त राघोबाच्या कमकुवतपणाचा भार आनंदीबाईवर येतो. गडकऱ्यांच्या 'एकच प्याला'त (पहिला प्रयोग १९१९) सुधाकर वकील आहे, सनद काही काळासाठी रद्द झाल्याचा अपमान त्याला सोसत नाही, तळीराम प्याला पुढं करतो आणि घराची धूळधाण होते. इथं खापर त्याच्या बायकोवर, सिंधूवर फुटत नाही, उलट तिच्या सोसण्याची आरती ओवाळली जाते. नवऱ्याचा दोष जितका वाढतो तितकी सिंधू थोर होत जाते. त्या काळच्या प्रेक्षकांना बाईकडून काय हवं होतं, हे सुधाकरापेक्षा सिंधूकडं बघून जास्त कळतं. पाच नोव्हेंबरला, रंगभूमी दिनाच्या आसपास, सांगलीत जुनी नाटकं आणि नाट्यप्रवेश बघायला मिळाले तर एक करा: नायक बोलत असताना बाजूला उभ्या असलेल्या पात्रांकडं बघा.

लिहायला बसताना

चारशे-पाचशे शब्द पुरेत. कथानक सांगण्यात दोन पानं घालवू नका, वाचणाऱ्यानं पुस्तक वाचलेलं आहे असं धरा. एक कृती निवडा, एकच. तिचे चार रकाने वाक्यांत मांडा, मग दोन सनावळ्या जोडा, मग तुमचं मत. लेखकाच्या चरित्रातून उत्तर ओढून काढायचा मोह टाळा. अण्णा भाऊ गिरणीत राबले, खांडेकर कोकणात शिरोड्याला मास्तर होते, हे माहीत असणं चांगलं, पण त्यावरून "म्हणून नायक असा" असं म्हणता येत नाही. आणि "आजही समाजात असे ययाति आहेत" हे वाक्य शेवटी लिहायचं नाही. ते सगळेच लिहितात आणि त्यानं आधीच्या मेहनतीवर पाणी पडतं.

पुढचं पुस्तक

हात बसला की व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' (१९५५) घ्या. माडगूळकर आटपाडी तालुक्यातल्या माडगूळचे. गोष्ट औंध संस्थानातल्या धनगरांच्या वाडीची, आणि सांगणारा तिथं नेमणुकीवर आलेला कोवळा मास्तर. त्याचे दोष बारीक आहेत, अननुभव आणि भिडस्तपणा. अंजीला शहरातून चोळी शिवून आणून देतो आणि कारभाऱ्याचा गैरसमज ओढवून घेतो, तो प्रसंग रकान्यांत मांडून बघा, वाडीचे न लिहिलेले नियम भराभर बाहेर येतील. अडचण पुढं येईल. शेवटी वाडी उठते ती दुष्काळानं. तिथं 'किंमत कोणी मोजली' या रकान्यात माणसं, मेंढरं, सगळी वाडीच येते आणि बाकीचे तीन रकाने भरता भरत नाहीत. ते तसेच रिकामे घेऊन गटात या. माणदेशात पाऊस न पडण्याला कोणी जबाबदार नसलं तरी माणसांना गाव सोडावं लागण्याला कोणी जबाबदार होतं का, संस्थान होतं की सरकार, यावर बोलायला एक बैठक पुरणार नाही.